कौतुक ठकाचं, लाज बकऱ्याला

१९ मार्च १९८७, गुरुवार. मुंबईत ऑपेरा हाऊसला त्रिभुवनदास भीमजी झवेरी यांच्या पेढीवर दुपारी सीबीआयची धाड पडली. साहेबांनी वॉरंट दाखवलं, कुणी फोनला हात लावायचा नाही म्हणून बजावलं, शुद्धता तपासायची म्हणून दागिन्यांचे नमुने बाजूला काढायला लावले. नमुने पिशव्यांत गेले. बरोबर आणलेल्या सव्वीस जणांना जागेवर थांबायला सांगून साहेब ‘दुसरीकडची धाड बघून येतो’ म्हणाले आणि बाहेर पडले. ते अजून यायचे आहेत. गेलेला माल तीस-पस्तीस लाखांचा होता, आणि सत्त्याऐंशी सालचे तीस-पस्तीस लाख म्हणजे काय हे तेव्हा मुंबईत घर शोधत फिरलेल्या कुणालाही विचारावं.

ही हकिगत पुढे २०१३ साली ‘स्पेशल २६’ या हिंदी चित्रपटामुळे घरोघरी गेली. तिची आठवण निघाली की आपण त्या साहेबाबद्दल बोलतो. काय त्याचं धाडस, काय डोकं, एक गोळी न झाडता दुकान रिकामं! मला मात्र कुतूहल आहे ते त्या सव्वीस जणांचं. १७ तारखेला त्यांनी वर्तमानपत्रात नोकरीची जाहिरात वाचली. १८ तारखेला ताज हॉटेलात मुलाखत दिली. ताजमध्ये! बेकार पदवीधर पोरगा ताजच्या दारातून आत जातो, तेव्हा समोर बसलेला माणूस खोटा असेल अशी शंका तो घेईल कशी? १९ तारखेला त्यांना बसमध्ये घालून पहिल्याच ‘ड्युटी’वर नेलं. त्यांनी इमानेइतबारे दारं अडवली, माणसं एका जागी बसवली. साहेब गेल्यावरही ते तिथेच थांबले, कारण हुकूम तसा होता. पोलीस आले तेव्हा हातात सापडले ते हेच.

त्या दिवशी पेढीचा माल गेला आणि या पोरांची नोकरी गेली, जी मुळात नव्हतीच. चित्रपटाच्या नावात आकडा त्यांचा आहे. कथेत त्यांना काम मात्र एवढंच, की शेवटी अडकून पडायचं आणि आपण हसायचं.

ठकांच्या विनोदी मालिका आणि चित्रपट पाहून लोक ठकवायला शिकतात, अशी तक्रार अधूनमधून होते. कुणीतरी पत्रक काढतं, कुणीतरी न्यायालयात जातं. मला या तक्रारीत फारसा दम वाटत नाही. ठकवण्याचा धंदा शिकायला आठ भागांची मालिका बघत बसणारा ठक फार पुढे जाईल असं वाटत नाही. या गोष्टी आपल्याला शिकवतात ते वेगळंच आहे. त्या फसलेल्या माणसाला हसायला शिकवतात. खऱ्या ठकाला सगळ्यात जास्त उपयोग होतो तो याच हसण्याचा.

आधी कबूल करतो, हा प्रकार मला मनापासून आवडतो. बीबीसीची ‘हसल’ नावाची मालिका २००४ ते २०१२ या काळात आठ हंगाम चालली, अठ्ठेचाळीस भाग, आणि मी त्यातले बहुतेक भाग ताटातलं जेवण गार करत पाहिलेत. लंडनमधली पाच जणांची टोळी. एक थंड डोक्याचा सूत्रधार, एक तरणा उमेदवार, एक रूपगर्विता, एक सगळ्या सोयी करून ठेवणारा, आणि एक जुना मुरलेला म्हातारा, ज्याचं काम सावज हेरून आणायचं. मध्येच सगळं जग थबकतं आणि ही मंडळी थेट आपल्याकडे बघून डाव समजावून सांगतात. आपणही टोळीत सामील होतो. शेवटी कळतं की आपल्यालाही अर्धाच डाव सांगितला होता, आणि त्या फसण्याचा राग येण्याऐवजी आनंद होतो. हे साधायला लेखकाला फार कसब लागतं. उतू जाणाऱ्या दुधाच्या पातेल्याकडे दुर्लक्ष करायला लावणारं कसब.

त्या मालिकेत एक ब्रीद सारखं कानावर येतं. ठकांच्या दुनियेतलं ते जुनंच वचन आहे: प्रामाणिक माणसाला फसवता येत नाही. टोळी फक्त लोभी, माजोरी, दुसऱ्याला लुबाडणाऱ्या धनिकांनाच हात घालते. म्हणून प्रत्येक भागाच्या सुरुवातीला आपल्याला सावज किती नालायक आहे ते दाखवलं जातं. कामगारांचे पैसे बुडवलेला, म्हाताऱ्यांच्या जागा लाटलेला, नोकरांवर खेकसणारा. एकदा ते पाहिलं की पुढचा पाऊण तास आपली सदसद्विवेकबुद्धी सुट्टीवर. ‘स्पेशल २६’ची सुरुवातही अशीच आहे. धाड पडते मंत्र्याच्या घरी, भिंतीआडून नोटा निघतात, आणि काळा पैसा असल्यामुळे तो तक्रार करणार नाही हे ठरलेलं. मंत्र्याबद्दल कुणाला कळवळा येणार?

कथाकाराची खरी हातचलाखी इथे आहे. वेशांतर, खोटे शिक्के, बनावट कार्यालय हा सगळा नंतरचा भाग. आधी सावज असं निवडायचं की त्याच्या बाजूने बोलायला कुणी उभंच राहू नये. पडद्यावर हे चालतं, चालायलाही हवं. पण आपण ते वचन उचलून घराबाहेर नेतो. शेजारच्या काकांचे पैसे गेले की पहिला प्रश्न येतो, ‘एवढे पैसे द्यायला गेलेच कशाला?’ आणि दुसरा, जरा हळू आवाजात, ‘काहीतरी जास्त मिळणार असेल म्हणूनच ना?’

या वचनाचा खोटेपणा आपल्याकडे फार पूर्वी उघडा पडलेला आहे. पंचतंत्रातला बोकड खांद्यावर घेऊन चाललेला ब्राह्मण आठवा. वाटेत तीन ठक थोड्या थोड्या अंतरावर भेटतात. पहिला म्हणतो, भटजी, कुत्रं कशाला खांद्यावर घेतलंत? दुसरा म्हणतो, मेलेलं वासरू कशाला? तिसरा म्हणतो, गाढव कशाला? तिसऱ्याच्या वेळी ब्राह्मण बोकड टाकून पळतो. या गोष्टीत ब्राह्मणाचा लोभ कुठे आहे? त्याला बोकड दक्षिणेत मिळालेला, तो सरळ घरी चाललेला. त्याची चूक एकच, तीन वेगवेगळी माणसं, एकमेकांशी संबंध नसलेली, तिघंही खोटं बोलणार नाहीत असं त्याने धरलं. आपण सगळेच रोज ते धरून चालतो. तसं धरलं नाही तर रिक्षात बसता येणार नाही आणि औषधही विकत घेता येणार नाही. शाळेत ही गोष्ट ऐकताना आम्ही पोटभर हसलो होतो, आणि ‘बकरा बनवला’ हा शब्दप्रयोग याच गोष्टीतून आला असावा अशी माझी तेव्हा समजूत होती. तशी व्युत्पत्ती नसेलही. पण गंमत बघा, गोष्टीत बकरा चोरीला जातो आणि बोलीत बकरा होतो तो मालक.

भाषेचाच विषय निघाला म्हणून थोडं अवांतर. घर फोडलं की आपण म्हणतो, चोरी झाली. पाकीट गेलं की म्हणतो, पाकीट मारलं. फसवणुकीच्या वेळी मात्र म्हणतो, ‘तो फसला’. जसा कुणी चिखलात फसतो तसा, आपल्या पायाने चालत जाऊन. कर्ता तोच, फसवणारा वाक्यातून गायब. वर्तमानपत्रं ‘वृद्धेला चाळीस लाखांचा गंडा’ असा मथळा देतात. गंडा, टोपी, चुना, शेंडी, हे सगळे शब्द खेळकर आहेत, त्यांच्यात रक्त नाही. आणि आरोपी थोडा जरी चलाख निघाला तरी ‘नटवरलाल’ ही पदवी तयार असते. मूळचा नटवरलाल म्हणजे बिहारच्या सिवान जिल्ह्यातला मिथिलेशकुमार श्रीवास्तव. ताजमहाल विकल्याची त्याची आख्यायिका घरोघरी ठाऊक. १९९६ मध्ये, वयाची ऐंशी उलटल्यावर, चाकाच्या खुर्चीतून नेत असताना तो नवी दिल्ली रेल्वे स्थानकावरून पोलिसांच्या हातावर तुरी देऊन गेला. त्याच्याबद्दल बोलताना आवाजात आपोआप आदर येतो. याउलट ‘भामटा’ हा शब्द घ्या. आपल्या राज्यातल्या विमुक्त जातींच्या यादीत ‘राजपूत भामटा’ ही नोंद आजही आहे. इंग्रजांनी ज्यांच्यावर जन्मजात गुन्हेगार असा शिक्का मारला होता, अशा जमाती या ‘विमुक्त’ शब्दाखाली येतात. म्हणजे गाडीत बोचकं उचलल्याच्या संशयावरून पिढ्यान्पिढ्या एका अख्ख्या समाजाला ते नाव चिकटतं आणि बँका रिकाम्या करणाऱ्याला मात्र पार्श्वसंगीत मिळतं. सगळेच ठक आपल्याला सारखे गोड लागत नाहीत. इस्त्रीचा कोट घातलेला जास्त लागतो.

पार्श्वसंगीत म्हटल्यावर शेअरदलाल हर्षद मेहता आलाच. २०२० च्या ऑक्टोबरमध्ये त्याच्या घोटाळ्यावरची ‘स्कॅम १९९२’ ही मालिका आली. ती विनोदी नव्हे, चांगली आहे, अभ्यासून केलेली आहे, आणि ‘टाइम्स ऑफ इंडिया’च्या २३ एप्रिल १९९२ च्या अंकात प्रकरण उघडकीला आणणाऱ्या पत्रकार सुचेता दलाल यांना तिच्यात मानाचं स्थान आहे. तरीही लोकांनी त्यातून उचललं काय? शीर्षकसंगीत फोनवर वाजू लागलं, जोखमीबद्दलचा संवाद शेअरबाजाराच्या गटांवर सुविचारासारखा फिरू लागला. त्या घोटाळ्याचं एक मुख्य हत्यार होतं बँक रिसीट, म्हणजे रोखे हातात नसतानाही ‘रोखे आमच्याकडे आहेत’ असं सांगणारी पावती. अशा पोकळ पावत्या देणाऱ्यांत आपली बँक ऑफ कराड होती. १९९२ मध्ये ती बसली आणि १९९४ मध्ये बँक ऑफ इंडियात विलीन झाली. मधल्या काळात खात्यात पैसे अडकलेल्या ठेवीदाराला दलाल स्ट्रीट कुठल्या दिशेला आहे हेही ठाऊक असायचं कारण नव्हतं. त्याने कुठलाही लोभ केला नव्हता. गावातल्या बँकेत पैसे ठेवले होते, बस्स. मालिका संपल्यावर किती जणांना कराड आठवलं?

आता मूळ मुद्द्याकडे येतो, हसण्याचा ठकाला उपयोग काय होतो या. डेव्हिड मॉरर नावाचा अमेरिकेतला एक भाषाशास्त्रज्ञ ठकांची बोली गोळा करत हिंडला आणि १९४० मध्ये त्याने त्यांच्या धंद्यावर एक पुस्तक लिहिलं. हेरणारा वेगळा, जाळ्यात घेणारा वेगळा, बनावट सट्टाघर थाटणारे वेगळे, अशी सगळी उतरंड त्यात आहे. त्यात धंद्याची एक शेवटची पायरी येते, जिच्याकडे पटकथाकारांचं लक्ष कमी जातं: पैसे काढून घेतल्यावर गिऱ्हाइकाला थंड करणं. कारण पैसे हातात आल्यावर ठकापुढचा प्रश्न संपत नाही, तिथे तो सुरू होतो. गिऱ्हाईक पोलिसांत गेलं तर? म्हणून एक जण मागे राहतो, खांद्यावर हात ठेवतो, ‘जाऊ द्या, नशीब आपलं, बोभाटा केलात तर तुमचंच हसं होईल’ असं समजावतो. समाजशास्त्रज्ञ अर्व्हिंग गॉफमनने १९५२ मध्ये याच पायरीवर एक निबंध लिहिला. त्याचं निरीक्षण मला फार खोल वाटतं. फसलेल्याचे पैसे जातात ते एकवेळ भरून निघतील, पण ‘मी शहाणा माणूस आहे’ ही त्याची स्वतःबद्दलची समजूत मोडते, आणि ती सावरायला त्याला मदत लागते. ठक ही मदत अशा रीतीने करतो की माणूस गप्प बसावा.

व्हिक्टर लुस्टिग या बहाद्दराने १९२५ मध्ये आयफेल टॉवर भंगारात विकला, ही गोष्ट जगभर सांगितली जाते. तिच्यातला मला महत्त्वाचा वाटणारा तपशील विक्रीच्या नंतरचा आहे. ज्या भंगारवाल्याने पैसे मोजले तो लाजेपोटी पोलिसांकडे गेलाच नाही. लुस्टिग काही दिवस वर्तमानपत्रं चाळत बसला, बातमी येईना, तेव्हा तो पुन्हा पॅरिसला आला आणि तोच टॉवर दुसऱ्याला विकायला निघाला. पहिल्याच्या लाजेने दुसरा डाव उभा केला. आणि ती लाज कुणाची देणगी? पॅरिसभर आपलं हसं होईल ही त्याची भीती काही खोटी नव्हती. शंभर वर्षं झाली, जग अजून हसतंच आहे.

लुस्टिगला निदान वर्तमानपत्रं चाळावी लागली. आजच्या ठकाला तेही करायला नको, कारण गिऱ्हाइकाला थंड करायचं काम समाजमाध्यमांवरचे प्रतिसाद फुकटात करतात. जानेवारी २०२५ मध्ये दादरमध्ये टोरेस नावाच्या दागिन्यांच्या दुकानाला टाळं लागलं. खड्यांच्या खरेदीवर आठवड्याच्या आठवड्याला परतावा देऊ असं सांगून पैसे घेतलेले. तक्रार द्यायला पुढे आला तो दादरचाच एक भाजीविक्रेता, आणि रस्त्यावर जमलेल्या गर्दीत छोटे व्यावसायिक भरपूर होते. त्या बातम्यांखालचे प्रतिसाद मी वाचत बसलो होतो. दहातले आठ तरी ‘लोभी असताना उपाशी मरत नाहीत ठक’ या चालीवरचे. आता खरं आहे की आठवड्याला परतावा हे ऐकूनच शंका यायला हवी होती. लोभ होता, नाही म्हणत नाही. पण भाजीच्या गाळ्यावर उभं राहून मुलीच्या शिक्षणासाठी थोडं जास्त मिळावं असं वाटणं आणि ‘हसल’मधल्या त्या माजोरी धनिकाचा लोभ, या दोन्हींना एकच शब्द वापरणारी भाषा आळशी आहे.

आणि लोभाचा जिथे लवलेशही नाही त्याचं काय? ऑगस्ट २०२४ च्या अखेरीला लुधियानातले वर्धमान समूहाचे अध्यक्ष एस. पी. ओसवाल यांना सीबीआयचे अधिकारी म्हणवणाऱ्यांनी व्हिडिओ कॉलवर अडकवलं. तुमचं नाव आर्थिक गैरव्यवहारात आलंय, तुम्ही नजरकैदेत आहात, कुणाशी बोलायचं नाही. पुढे चक्क सर्वोच्च न्यायालयाची सुनावणी झाली, पडद्यावर, सरन्यायाधीशांसकट. सगळं बनावट. सात कोटी गेले. वय ब्याऐंशी, पद्मभूषण, आयुष्यभर उद्योग सांभाळलेला माणूस. त्यांना काय मिळवायचं होतं? काहीच नाही. ते कायद्याला घाबरले, इतकंच. मॉररच्या पुस्तकातलं ते थाटलेलं बनावट सट्टाघर आता बनावट न्यायालय झालंय, आणि पंचतंत्रातले तीन ठक आता एकाच कॉलवर येतात: एक कुरियरवाला, एक पोलीस, एक न्यायमूर्ती.

पण ओसवाल यांनी एक गोष्ट अशी केली की तिला दाद द्यायला हवी. ते पोलिसांत गेले, आणि माझं असं असं झालं हे नाव लावून, कॅमेऱ्यासमोर सांगितलं. सव्वापाच कोटींच्या आसपास रक्कम पोलिसांनी परत मिळवली. हे जमण्याचं कारण साधं आहे. चोरलेला पैसा पहिल्या खात्यातून दुसऱ्यात, दुसऱ्यातून वीस खात्यांत, तिथून आभासी चलनात किंवा रोखीत जातो. तो जेवढा वेळ बँकेच्या जाळ्यात असतो तेवढ्यातच गोठवता येतो. १९३० या क्रमांकावर लगेच फोन करा असं सरकार घसा फोडून सांगतं ते यासाठी. इथे तासांचा हिशेब असतो आणि लाज दिवस खाते.

माझ्या ओळखीच्या एक निवृत्त शिक्षिका आहेत. गणित शिकवायच्या, आमच्या पिढीतली निम्मी पोरं त्यांच्या धाकाने पास झाली. अशाच एका फोनवर पैसे गेल्याचं मुलाला सांगायला त्यांनी नऊ दिवस घेतले. नंतर मी विचारलं, बाई, इतके दिवस का थांबलात? म्हणाल्या, ‘अरे, मीच सगळ्यांना सांगत होते ना, असले फोन उचलू नका म्हणून. सून काय म्हणेल?’ पैसे गेल्याचं दुःख त्यांच्या बोलण्यात तिसऱ्या-चौथ्या वाक्याला आलं. पहिलं वाक्य सुनेचं होतं. त्या नऊ दिवसांत त्यांना थंड करायला ठकाने एकही फोन केला नाही. गरजच पडली नाही.

केंद्राच्या सायबर गुन्हे समन्वय केंद्राने दिलेल्या आकड्यांनुसार २०२४ च्या पहिल्या चार महिन्यांतच या ‘डिजिटल अटके’त लोकांचे १२० कोटी रुपये गेले. हा तक्रार केलेल्यांचा आकडा. ज्यांनी सुनेला सांगितलं नाही त्यांचा हिशेब कुठल्या वहीत नाही. पंतप्रधानांना ‘मन की बात’मध्ये या विषयावर बोलावं लागलं. ऑक्टोबर २०२५ मध्ये अंबाल्याच्या एका वृद्ध दांपत्याच्या पत्रावरून सर्वोच्च न्यायालयाने स्वतःहून दखल घेतली आणि डिसेंबरमध्ये तपास सीबीआयकडे सोपवला. ऑपेरा हाऊसच्या त्या साहेबाला हे वाचून केवढी मौज वाटली असेल, जिवंत असेल तर.

यावर माझा एक मित्र, जो स्वतः मालिका लिहितो, मला म्हणतो, ‘मग काय, विनोद बंद करायचा? प्रत्येक भागाआधी पाटी लावायची का, फसवणूक करणं कायद्याने गुन्हा आहे?’ अजिबात नको. बंदी तर नकोच. चोराची गोष्ट सांगायची नाही असं ठरवलं तर लोककथांच्या निम्म्या पोथ्या जाळाव्या लागतील. आणि पाटीचा उपयोग सिगारेटच्या पाटीइतकाच, लोक तेवढ्यात पाणी पिऊन येतात. शिवाय पडद्यामुळे थोडी सावधगिरीही येते हे मान्य करायला हवं. ‘जामताडा’ २०२० मध्ये आली, त्यानंतर झारखंडमधलं ते गाव कुठे आहे आणि तिथून फोन कसे येतात हे माझ्या आईलाही कळलं. बँकेच्या शंभर लघुसंदेशांनी ते झालं नव्हतं. ओटीटीला वयाची वर्गवारी लावणारे नियम २०२१ पासून आहेतच, त्यात आणखी एका कलमाची भर घालून कुणाचं भलं होईल असं वाटत नाही. कलमांवरून आठवलं, १ जुलै २०२४ ला भारतीय न्याय संहिता आली आणि फसवणुकीचं ४२० कलम ३१८ झालं. लोक अजून चारसोबीसच म्हणतात. कायदा बदलायला संसद लागते, जिभेवरचा शब्द बदलायला काय लागतं कोण जाणे.

मित्राचा दुसरा मुद्दा जास्त गंभीर होता. तो म्हणाला, ‘बकऱ्याला माणूस केलं की विनोद मरतो.’ यावर मी दोन दिवस विचार केला, आणि मला उत्तर घरातच सापडलं. १९८८ चा ‘अशी ही बनवाबनवी’. सबंध चित्रपट फसवणुकीवर उभा आहे. पुण्यात खोली मिळेना म्हणून चौघं मित्र, त्यातले दोन बायका बनून, एका वृद्ध घरमालकिणीला बनवतात. पण त्या लीलाबाई काळभोर काही पुठ्ठ्याच्या नाहीत. त्यांना एकटेपणा आहे, माया आहे, करारीपणा आहे. आपण हसतो तेव्हा सोंग करणाऱ्यांच्या तारांबळीला हसतो. लीलाबाईंच्या भोळेपणाला आपण हसत नाही, उलट शेवटी त्यांना काय वाटेल याची धाकधूक लागते. आणि शेवटी ती मंडळी सोंग उतरवून त्यांच्यापुढे उभी राहतात. पस्तीसहून जास्त वर्षं झाली, महाराष्ट्र अजून तो चित्रपट पाहून खुर्चीवरून पडतोय. कुठे मेला विनोद?

माझं मागणं म्हणून लेखकांकडे आहे, सरकारकडे नाही. ठकाला जितकी मिनिटं देता त्यातली चार फसलेल्याला द्या. त्याला दुष्ट करून सोपं करू नका. डाव उलगडल्यावर कॅमेरा टोळीच्या मोटारीत बसून निघून जातो, तो जरा मागे ठेवा. मागे राहिलेल्या खोलीत जे होतं तेही नाट्यच आहे, आणि खरं सांगायचं तर कुणी फारसं न हाताळलेलं. एखाद्या मालिकेत सावज स्वतःच्या लाजेशी झगडून पहिल्या तासात फोन करतं आणि टोळीचा डाव त्या एका फोनमुळे उधळतो, असा शेवट कुणी का लिहीत नाही? तो कंटाळवाणा असायचं कारण नाही. शेवटच्या दहा मिनिटांत घड्याळ ठेवलं की झालं.

आणि त्या सव्वीस जणांना कुणीतरी लिहा. त्यांची गोष्ट जुनी झालेली नाही. संयुक्त राष्ट्रांच्या मानवाधिकार कार्यालयाने २०२३ मध्ये अंदाज दिला होता की म्यानमारमध्ये किमान एक लाख वीस हजार आणि कंबोडियात सुमारे एक लाख माणसं ऑनलाइन फसवणुकीच्या अड्ड्यांवर बळजबरीने राबवली जात असावीत. त्यांत भारतीय पोरं आहेत. संगणकावर साधं काम, चांगला पगार, तिकीट कंपनीचं, अशी जाहिरात बघून गेलेली. पोचल्यावर पासपोर्ट काढून घेतात आणि हातात संवाद लिहिलेला कागद देतात. लुधियाना किंवा नाशिकच्या एखाद्या म्हाताऱ्याला जो दरडावतो, तो ‘इन्स्पेक्टर साहेब’ कधीकधी असाच एक सव्वीसांतला असतो. जाहिरात खरी समजून गेलेला, हुकूम पाळत उभा.

ऑपेरा हाऊसच्या त्या पोरांची त्या दिवशी पोलिसांनी चौकशी केली. मी नेहमी त्यातल्या एकाचा विचार करतो, नाव-गाव काही माहीत नसलेल्या. सुटल्यावर तो चर्नी रोडला चालत आला असेल, लोकल पकडली असेल. सकाळी निघताना आईने हातावर दही ठेवलं असेल. रात्री उशिरा दार वाजल्यावर तिने उघडता उघडताच विचारलं असेल, ‘कसा गेला रे पहिला दिवस?’